बापांची उडी

२६ सप्टेंबर १९७३ रोजी देव आनंद पन्नास वर्षांचे झाले. त्याच वर्षीच्या ‘जोशीला’त त्यांची नायिका होती हेमामालिनी, पंचविशीच्या उंबरठ्यावरची, आणि यात कोणालाही काही वावगं वाटत नव्हतं. हिंदी सिनेमातला कॉलेजकुमार तेव्हा चाळिशीच्या आसपास सुरू होत असे. पोटाला पट्टा आवळून, हातात दोन जाड पुस्तकं घेऊन तो धावत घरी येई आणि बी.ए.ला पहिला आल्याची बातमी आईला देई. आईचं काम करणारी बाई कधीकधी त्याच्यापेक्षा लहान असे. ती शिवणयंत्र थांबवून डोळे पुसायची आणि बाल्कनीपासून स्टॉलपर्यंत सगळे तिच्याबरोबर डोळे पुसायचे. या विद्यार्थ्याला इतकी वर्षं बी.ए. का सुटत नव्हतं, हे विचारण्याइतका कोडगा प्रेक्षक महाराष्ट्रात तरी नव्हता.

देवसाहेबांच्या वाढदिवसानंतर दोन दिवसांनी, शुक्रवारी, राज कपूरचा ‘बॉबी’ लागला. नायक ऋषी कपूर एकवीस वर्षांचा, नायिका डिंपल कापडिया सोळा. पडद्यावर ही दोघं आली तेव्हा लोकांना पहिला धक्का बसला तो हा, की ही खरोखरच त्या वयाची दिसतात. शेजारच्या बिऱ्हाडातली पोरं चुकून पडद्यावर गेली असावीत असं काहींना वाटलं असेल. प्रेमाचं काम इतक्या लहान पोरांवर सोपवणं बरोबर नाही, असंही पुष्कळांना वाटलं. प्रेम ही तोवर जबाबदार, म्हणजे चाळिशीतल्या, माणसांनी करायची गोष्ट होती.

आपल्याकडे मुळात हे वयच नव्हतं. घरात माणसांची मापं दोन, लहान आणि मोठं. मुलगी फ्रॉकमधून परकर-पोलक्यात जायची आणि तिथून साडीत. मुलगा खाकी चड्डीत असायचा तो एक दिवस फुलपँटीत दिसायचा, आणि त्या दिवसापासून त्याला रेशनच्या रांगेत उभं करता येई. बालपण आणि संसार ही दोन गावं होती. मधल्या फाट्यावर एसटी थांबत नसे. जे कोणी त्या फाट्यावर रेंगाळताना दिसे त्याचं माप घरच्यांच्या सोयीने ठरायचं. विहिरीवरून पाणी आणायचं असलं की ‘एवढी मोठी घोडी झालीस!’ आणि सिनेमाला जायचं म्हटलं की ‘तू अजून लहान आहेस.’ ही दोन्ही वाक्यं एकाच दुपारी, एकाच आजीच्या तोंडून, मी माझ्या धाकट्या आत्याला उद्देशून ऐकलेली आहेत. आजीला त्यात विसंगती दिसत नव्हती. आत्याला दिसत होती, पण ती दिसते असं म्हणायला तिचं माप लहानाचं होतं.

‘बॉबी’ने त्या फाट्यावर थांबा केला. हे काम त्याने जाणूनबुजून केलं असं मात्र समजू नये. सिनेमा निघाला तो कर्जापायी. १९७० साली राज कपूरने ‘मेरा नाम जोकर’ काढला होता. चार तासांच्या आसपासचा, दोन मध्यंतरांचा, आणि जीव ओतून केलेला. लोकांना मध्यंतरं दोन लागतात ती लग्नाच्या पंगतीत, सिनेमात नाही. चित्रपट आपटला आणि आर. के. कर्जात बुडालं. ‘बॉबी’ हा मला पडद्यावर आणण्यासाठी काढलेला सिनेमा नव्हताच, तो ‘जोकर’चं कर्ज फेडायला काढलेला होता, आणि राजेश खन्नाला घ्यायला वडिलांकडे पैसे नव्हते, असं ऋषी कपूरने पुढे स्वतःच सांगून टाकलं. म्हणजे तरुणाईचा हा पहिला जाहीरनामा निघाला तो मोठा नट परवडत नव्हता म्हणून. राजेश खन्नाने या अपमानाचा हिशेब वेगळ्या वहीत चुकता केला. सिनेमा लागायच्या सहा महिने आधी, मार्च १९७३ मध्ये, त्याने नायिकेशी लग्न केलं. थिएटरमध्ये जी सोळा वर्षांची मुलगी आईबापांच्या जगाला धाब्यावर बसवत होती, ती तेव्हा खऱ्या जगात सासरी नांदत होती, आणि वर्ष संपायच्या आत आई झाली. पुन्हा ऋषी कपूरबरोबर ती दिसली १९८५ च्या ‘सागर’मध्ये. बारा वर्षांनी.

दिग्दर्शक तेव्हा अठ्ठेचाळीस वर्षांचा होता. पटकथा लिहिणारे ख्वाजा अहमद अब्बास साठीला टेकलेले. अब्बास आणि वि. प. साठे या जोडीने राज कपूरला ‘आवारा’पासून गरीब-श्रीमंतीच्या गोष्टी लिहून दिल्या होत्या, आता त्यांनी तीच गोष्ट अल्पवयीन करून दिली. मुलगा श्रीमंत उद्योगपतीचा, मुलगी गोव्याकडच्या कोळ्याची. राज कपूरला आर्चीची कॉमिक्स वाचायचा नाद होता, आणि त्या सतरा वर्षांच्या अमेरिकन पोराच्या कुचंबणेतून त्याला ही कल्पना सुचली असं सांगतात. मला हे चित्र फार आवडतं: चेंबूरला आपल्या घरी, कर्जाच्या कागदांशेजारी, एक स्थूल गृहस्थ लहान मुलांचं चित्रमय पुस्तक गंभीरपणे वाचत पडला आहे.

सगळ्यात गाजलेला प्रसंग तर सरळ घरचा होता. नायक दार वाजवतो, नायिका दार उघडते, आणि पिठाच्या हाताने कपाळावरची बट मागे सारते. पीठ केसांना लागतं, तिला पत्ता नसतो. राज कपूर पहिल्यांदा नर्गिसच्या दारात उभा राहिला तेव्हा ती भजी तळत होती आणि असंच घडलं होतं, असं कपूरांच्याच घरातून सांगितलं गेलं आहे. पाव शतकापूर्वीची एक बट त्याने जपून ठेवली आणि मुलाच्या सिनेमात पोरीच्या कपाळावर आणून सोडली. नव्या पिढीला तिचं पहिलं प्रेम मिळालं ते असं, वडिलांनी वापरलेलं. त्या वर्षांत भजी तळणाऱ्या घरांमध्ये पीठ वाया जाण्याचं प्रमाण वाढलं असणार असा माझा तर्क आहे. निदान आमच्याकडे आत्या आरशासमोर हात पिठात बुडवून उभी असताना सापडली होती.

बाकी सिनेमा म्हणजे कपूरांच्या सासरचं कार्य म्हणायला हरकत नाही. मुलीचा बाप जॅक ब्रगांझा झालेला प्रेमनाथ हा राज कपूरचा मेहुणा. शेवटी येणारा खलनायक प्रेम चोप्रा हा साडू. त्याला नवं नाव द्यायचे कष्टही घेतले नाहीत. तो पडद्यावर येतो आणि स्वतःचं खरं नाव सांगतो, आणि तेवढ्यावर पुढची पन्नास वर्षं हास्यकवी आणि नकलाकार पोट भरतात. बाहेरचे म्हणजे संगीतकार लक्ष्मीकांत-प्यारेलाल, आर. के.मध्ये पहिल्यांदाच आलेले, आणि गळ्यात अजून मिशी न फुटलेला शैलेंद्रसिंग, हिरोच्याच वयाचा. हा शेवटचा निर्णय मला क्रांतिकारक वाटतो. तोवर अठरा वर्षांचा मुलगा सिनेमात गाऊ लागला की त्याच्या घशातून नेहमी कोणीतरी काका गात असत.

महाराष्ट्राला हा सिनेमा कोणत्या दिवसांत भेटला ते विसरून चालणार नाही. ७२ चा दुष्काळ नुकता मागे सरला होता. लोकांनी खडी फोडली होती, सुकडीवर पोरं वाढवली होती, लाल मिलोच्या भाकऱ्या खाल्ल्या होत्या. मुंबईत मृणाल गोरे आणि अहिल्या रांगणेकर बायकांना घेऊन लाटणी परजत मोर्चे काढत होत्या. संस्कृतीची काळजी वाहणारी मंडळी ‘सखाराम बाइंडर’वर तुटून पडली होती. या सगळ्या गडबडीत पोरांकडे बघायला कोणाला सवड नव्हती, आणि ती बरोब्बर त्या फटीतून ‘बॉबी’ला निसटली. आई महागाईविरुद्ध थाळी बडवतेय आणि मुलगी मॅटिनीच्या रांगेत उभी आहे, हे दृश्य दादर-गिरगावात अशक्य नव्हतं. लाटणं दोघींच्याही घरात एकच होतं. त्याचा उपयोग रात्री झाला असेल.

आमच्या कृष्णाकाठच्या तालुक्याच्या गावी ‘बॉबी’ची पेटी यायला बराच काळ गेला. तोवर ‘बॉबी’ आधीच येऊन पोचली होती. आधी आल्या क्लिपा. मग ठिपक्यांचं कापड. कासाराच्या दुकानात, बाजारच्या दिवशी जमिनीवर मांडलेल्या पथारीत, जत्रेत, जे जे म्हणून पोरींनी घ्यावं असं होतं त्याच्या मागे बॉबी लागली: बॉबी पिन, बॉबी प्रिंट, बॉबी बो. न पाहिलेल्या सिनेमाची नायिका गावातल्या निम्म्या डोक्यांवर चढून बसली. मुलांकडे शोभेसाठी फारसं काही नव्हतं, तेव्हा ती केशकर्तनालयात जाऊन ऋषी कपूरच्या फोटोकडे बोट दाखवायची. न्हावी फोटोकडे बघायचा, मग गिऱ्हाइकाच्या डोक्याकडे बघायचा, आणि कालच्यासारखीच कापायचा. त्याची कात्री एकाच पद्धतीने चालत असे, पण तो पैसे बॉबी कटचे घ्यायचा.

खरी परीक्षा शिंप्याची झाली. पडद्यावर डिंपलचा घागरा नव्हे, स्कर्ट होता, आणि तो जिथे संपत होता तिथून आमच्या गावात पुढे वीतभर कापड सुरूच राहायचं. पोरी सांगणार ‘बॉबीसारखा’, आया मागून डोळे वटारणार, आणि शिंपी दोघींकडे आळीपाळीने बघत टेप खाली खाली सोडत नेणार. असं करत करत बॉबीचा स्कर्ट आमच्याकडे घोट्याच्या चार बोटं वर येऊन टेकला. पोटावर गाठ मारलेला ठिपक्यांचा ब्लाउज आला, पण त्याच्या आत आणखी एक पोलकं घालायचं असं ठरलं. मुंबईहून निघालेलं बंड गावात शिरताना शिंप्याच्या हातून जायचं आणि प्रत्येक ठिकाणी थोडं थोडं दुमडून शिवलं जायचं. तरीही आत्या तो ड्रेस घालून ओसरीवर आली तेव्हा घर गप्प झालं होतं. तिच्या अंगावर जे होतं ते धड मुलीचं नव्हतं आणि बाईचंही नव्हतं. आजी बराच वेळ बघून म्हणाली, “खिसे बरे आहेत.” यापुढे जाऊन तिने कधी कोणाचं कौतुक केलेलं नाही.

शेवटी तंबूत ‘बॉबी’ लागला. दोरी बांधून अर्धी बाजू बायकांची, अर्धी पुरुषांची. म्हणजे जी गोष्ट बघायला सगळे आले होते ती घडू नये याचा बंदोबस्त आधीच केलेला. मी लहान असल्यामुळे मला दोरीखालून दोन्हीकडे जाता येई, आणि त्या कारणाने मला दोन्हीकडून चिठ्ठ्याही मिळाल्या. गाणं आलं की पैसे पडायचे. त्यातलं ते खोलीचं गाणं सर्वांना ठाऊक आहे: दोघं एका खोलीत अडकावीत आणि किल्ली हरवावी अशी ज्यात इच्छा आहे ते. आता गंमत बघा. गावात त्या गाण्याने वेड लावलं, पण ज्यांनी ते गुणगुणलं त्यांतल्या एकाच्याही घरी आतून कुलूप लावता येईल अशी खोली नव्हती. आमच्या माजघरात रात्री आठ माणसं निजत. मुंबईच्या चाळीत तर दहा बाय बाराच्या खोलीत दोन संसार आणि एक पाहुणा. दोघांनी अडकायचं म्हटलं तर आधी नऊ जणांना बाहेर काढावं लागलं असतं, आणि त्यात आजारी आजोबा असणारच. माझ्या मते आमच्याकडच्या लोकांनी त्या गाण्यात प्रेमाआधी ऐकली ती खोलीच. ‘जागेची अडचण’ हा आमच्या विवाहित पिढीचाही सगळ्यात मोठा शृंगारिक प्रश्न होता.

गोव्याचं जरा वेगळं झालं. तो मुक्त होऊन तेव्हा बारा वर्षंही पुरती झाली नव्हती, आणि उरलेल्या देशाला त्याची माहिती ‘बॉबी’ने करून दिली. कोळी म्हणजे प्रेमनाथ, हातात बाटली, अंगात दिलदारी. मुलगी म्हणजे स्कर्ट. गोव्यात आणि मुंबईच्या बांद्रा-माझगावात राहणाऱ्या ख्रिस्ती घरांना हे पाहून काय वाटलं असेल ते त्यांच्याकडूनच ऐकावं. मी ऐकलं आहे, आणि ते प्रेमळ नव्हतं. तिकडच्या घरांमध्ये मुलींवरचा पहारा आपल्या सदाशिव पेठेपेक्षा तसूभरही ढिला नव्हता. पण सिनेमा पाहून ‘गोवा बघायला’ निघालेल्या आपल्या पोरांना कोण सांगणार? बोटीतून नाहीतर एसटीतून उतरून ती दारंदार बॉबी शोधत हिंडली, आणि प्रत्येक दारात त्यांना भेटल्या बॉबीच्या आज्या.

सिनेमातली बॉबीची आजी म्हणजे आपल्या दुर्गा खोटे, हेही ओघाने आलं. मिसेस ब्रगांझा, नायक राजाला लहानपणी सांभाळणारी आया. दुर्गाबाईंनी १९३२ साली प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’त तारामतीचं काम केलं तेव्हा चांगल्या घरातल्या बाईने सिनेमात जावं का, या प्रश्नावर लोकांनी आकाशपाताळ एक केलं होतं. एक्केचाळीस वर्षांनी त्या शांतपणे एका कोपऱ्यात उभ्या राहून बिकिनीतल्या नातीला वाढवत होत्या. त्या गर्दीत बंडाचा खरा अनुभव असलेलं माणूस तेवढंच एक होतं, आणि त्यांना संवाद मोजके होते.

आणि गोव्याने सिनेमाला दिलं ते कोणी नीट मोजलंच नाही. कोळ्यांच्या नाचाचं जे गाणं आहे, ज्यात सोनंचांदी मागायची नाही असं ठासून सांगितलं आहे, त्याची चाल आणि ठेका जुन्या कोंकणी देखणीतून उचललेला. त्या देखणीत नाचणाऱ्या बायका नदीपलीकडे लग्नाला जायला निघाल्यात, आणि नावाड्याला म्हणतात अंगावरचे दागिने घे पण आम्हाला पार कर. तो घेत नाही. तिथे सोनं देऊ करतात, इथे सोनं नको म्हणतात. नावाड्याचं म्हणणं मुंबईत येईपर्यंत गीतकाराने गरिबांच्या बाजूने वळवून घेतलेलं दिसतं.

पोरांच्या वाट्याला शोभेचं फारसं काही आलं नाही असं मी म्हटलं, पण गाडी आली. फरिदाबादच्या एस्कॉर्ट्सची राजदूत तोवर दूधवाल्यांची गाडी होती. दोन्ही बाजूंना कॅन लावले की ती शोभायची. त्याच घराण्यातली छोटी, बुटक्या चाकांची जीटीएस १७५ ऋषी कपूरच्या हाती पडली, मागे डिंपल बसली, आणि दोघं घर सोडून निघाली. त्या दिवसापासून ती गाडी कागदोपत्री काहीही असली तरी लोकांत ‘बॉबी राजदूत’ झाली. पडद्यावर झकास दिसणारी ही गाडी साताऱ्या-सांगलीच्या रस्त्यावर आली की बसणाऱ्याचे गुडघे कानाशी येत. जिल्हा परिषदेच्या रस्त्यावरचा प्रत्येक खड्डा तिला व्यक्तिशः ओळखायचा. आमच्या गावी ती एका सावकाराच्या मुलाने घेतली आणि मागची सीट रिकामी ठेवून वर्षभर बाजारपेठेतून फिरवली. मग त्याचं लग्न ठरलं, आणि तो सासऱ्याने दिलेल्या मोठ्या राजदूतवर गेला. छोटी गाडी त्याच्या धाकट्या भावाकडे आली. तीही मागची सीट रिकामी ठेवूनच फिरत असे.

पोरांना घर सोडायला शिकवणाऱ्या या सिनेमावर सरकारने एकदा उलटी जबाबदारी टाकली: लोकांना घरात बसवण्याची. फेब्रुवारी १९७७. आणीबाणीत इंदिराबाईंनी निवडणुका जाहीर केल्या होत्या, बाबू जगजीवनराम काँग्रेस सोडून बाहेर पडले होते, आणि रविवारी ६ तारखेला दिल्लीच्या रामलीला मैदानावर जयप्रकाशांची आणि त्यांची सभा होती. त्या संध्याकाळी दूरदर्शनने ‘बॉबी’ लावला. हिशेब सोपा होता. फुकटचा ‘बॉबी’ सोडून भाषण ऐकायला कोण जाईल? लोक गेले. मैलोन्‌मैल चालत गेले, मैदान ओसंडलं, आणि दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात बाबूंनी बॉबीवर मात केल्याचा मथळा आला. दीड महिन्याने सरकारही गेलं. राज्यकर्त्यांना वाटलं होतं की पोरीचा स्कर्ट लोकशाहीपेक्षा ओढाळ आहे. पण सिनेमा लागून तोवर सव्वातीन वर्षं झाली होती आणि ज्यांना पाहायचा होता त्यांनी तो चार-चारदा पाहिला होता. सत्तेत बसलेल्या माणसांना फॅशन नेहमी उशिरा कळते. मिलिंद बोकिलांच्या ‘शाळा’तली नववीतली मुलं याच आणीबाणीत वयात येतात. त्यांच्यावर लक्ष ठेवायला देश कमी आणि मास्तर जास्त होते.

रशियात १९७५ साली हा सिनेमा गेला आणि सहा कोटींच्या वर तिकिटं खपली. तिकडे ना खोलीची कमतरता कमी होती ना कुलपाची. त्याविषयी अधिक लिहायला तिकडचाच लेखक हवा.

पण क्लिपा, गाड्या, सभा या सगळ्यांपेक्षा मला त्या सिनेमाचा शेवट अजून गोंधळात पाडतो. दोघं पळतात, पाठलाग होतो, कड्यावरून धबधब्यात उडी घेतात. मूळ शेवट दुःखाचा होता आणि वितरकांनी धरून बसल्यामुळे तो बदलला, असं सांगतात. म्हणजे पोरांचे प्राण वाचले ते पैसे घातलेल्या लोकांच्या दयेने. तर त्या बदललेल्या शेवटात प्राण आणि प्रेमनाथ, दोन्ही बाप, त्यांच्या मागोमाग पाण्यात उडी टाकतात, आणि प्रत्येक जण दुसऱ्याचं पोर बाहेर काढतो. कोळ्याच्या हाती शेठचा मुलगा, शेठच्या हाती कोळ्याची मुलगी. वयात येण्याच्या सिनेमात कोणी वयात येत असेल तर ते हे दोघे. मुलं आहेत तशीच राहतात. त्यांना शिकण्यासारखं काही उरलेलं नसतं. थंड पाण्यात गटांगळी खाऊन शहाणे होतात ते पन्नाशीचे गृहस्थ.

गावाने सिनेमातलं सगळं उचललं. क्लिपा उचलल्या, बट उचलली, कॉलर, गॉगल, गाडी, अगदी जत्रेत बोटांत घालून खायच्या पिवळ्या नळ्यांनाही ‘बॉबी’ म्हणू लागले. एवढी एक गोष्ट कोणीही उचलली नाही. बापांच्या उडीचं काही दुकानात आलं नाही. आत्याने तेवढं पाहिलं होतं. तिला ‘बॉबी’त कोण आवडलं विचारलं तर मैत्रिणी हसून ऋषी म्हणायच्या आणि ती म्हणायची, “प्राण.” खलनायकाचं नाव ऐकून सगळ्या ओरडल्या की ती खुलासा करायची, “अरे, सुटाबुटातला माणूस पाण्यात शिरला. आमच्या दादांना तर पोहता येतं.” पुढे तिचं लग्न रीतसर पाहून-सवरून झालं. पोहे तिने केले होते, केसांत क्लिप होती, तिला विचारलं गेलं नाही आणि तिने तक्रारही केली नाही. नवरा चांगला निघाला. राजदूतही होती त्याच्याकडे, दूधवाल्यांची.

‘बॉबी’नंतर ती वाट रुळली. ‘एक दुजे के लिए’, ‘लव्ह स्टोरी’, ‘कयामत से कयामत तक’, ‘मैने प्यार किया’; दर दोन-तीन वर्षांनी कोणाचा तरी मुलगा कोणाच्या तरी मुलीला घेऊन पळायला लागला, आणि हिरोंचं वय हळूहळू खरं दिसू लागलं. मराठीने या रस्त्याला यायला बराच वेळ घेतला. बापांची पिढी बदलायची वाट पाहत होती बहुधा. आली तेव्हा मात्र २०११ ते २०१६ या पाचसहा वर्षांत ‘शाळा’, ‘टाइमपास’, ‘फँड्री’ आणि ‘सैराट’ अशी रांगच लागली. ‘टाइमपास’मध्ये अडचण होती ती मुलीच्या बापाच्या शुद्ध उच्चारांची, ‘फँड्री’तल्या जब्याला तर प्रेमपत्र द्यायच्या आधी डुक्कर धरायचं होतं. गरिबी-श्रीमंतीच्या सोयीस्कर गोष्टीमागे आपण इतकी वर्षं जात झाकून ठेवली होती, ती नागराज मंजुळेने उघडी केली. ‘सैराट’मध्ये तर त्याने ‘बॉबी’चा सगळा ऐवज समोर मांडला आणि प्रत्येक वस्तू उलटी करून ठेवली. मुलगी श्रीमंत, मुलगा कोळ्याचा. अकलूजची शाळकरी रिंकू राजगुरू नायिका झाली, आणि पूर्वी बॉबी जिथे मागच्या सीटवर बसली होती तिथे आर्ची बुलेट स्वतः चालवत कॉलेजात आली. ट्रॅक्टरही तीच चालवते. चालवायला शिल्लक राहिलेलं तालुक्यात फक्त सरकार होतं, आणि ते तिच्या वडिलांकडे होतं.

आर्ची! राज कपूर लोळत लोळत ज्याची कॉमिक्स वाचत होता त्या अमेरिकन पोराचं नाव चार दशकांनी करमाळ्याकडच्या पाटलाच्या पोरीला मिळावं, हा योगायोग मंजुळेंच्याही डोक्यात नसेल. तो मूळ आर्ची १९४१ पासून सतरा वर्षांचाच आहे आणि बेटी की व्हेरोनिका हे अजून ठरवतोय. आमच्या आर्चीने एका सत्रात ठरवलं, घर सोडलं, हैदराबादला जाऊन संसार मांडला.

‘सैराट’ मी आत्याबरोबरच पाहिला. तिला मुद्दाम नेलं. मध्यंतरापर्यंत ती आसपासच्या पोरांबरोबर खुर्चीत नाचायची तेवढी बाकी होती. विहिरीचे प्रसंग आले तेव्हा तिने मला कोपराने ढोसून सांगितलं की आमच्या वेळी विहिरीवर असलं काही नव्हतं, फक्त पाणी होतं. शेवटी भाऊ माहेरची भेट घेऊन दारात येतात, आणि त्यानंतर काय होतं ते सगळ्या महाराष्ट्राला माहीत आहे. लोक खुर्चीला खिळल्यासारखे बसून होते. आम्ही बाहेर आलो, रिक्षात बसलो. बऱ्याच वेळाने तिने विचारलं,

“का रे, ती बुलेट तिला शिकवली कुणी?”

“सिनेमात सांगितलं नाही,” मी म्हणालो. “वडिलांनीच शिकवली असणार. पाटलाचं घर, एकुलती एक मुलगी.”

“आणि पोहायला?”

“तेही त्यांनीच, विहीर घरचीच.”

“मग,” आत्या रिक्षावाल्यालाही ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, “एवढं पाण्यातलं कळणारा माणूस, त्याला उडी मारायला काय झालं होतं?”